साहेब, संध्याकाळचे ते अडीच तास परत द्या

प्रति,
माननीय सहायक आयुक्त,
क्षेत्रीय कार्यालय, पुणे

साहेब, नमस्कार.

पत्रावर तुमचं नाव मुद्दाम घातलेलं नाही. पाच महिन्यांत त्या खुर्चीवर आलेले तुम्ही तिसरे साहेब. तिघांपैकी कुणाशीच माझं वैर नाही. फाईल मात्र तीच आहे, आमच्या समाजमंदिराच्या बंद हॉलची, त्यामुळे ती आज ज्यांच्या टेबलावर असेल त्यांना हे पत्र. कुठलं क्षेत्रीय कार्यालय तेही लिहीत नाही, वस्तीचं नावही नाही. वस्तीचं नाव छापून आलं की आमच्या बायकांना कामाच्या घरी विचारतात, "तुमच्याकडचीच ना गं ती पोरं?" तुम्हाला वस्ती कळेलच. कुलूप तुमचंच आहे.

मी वायरमन. औंधच्या आयटीआयमधून ट्रेड केला, आता सुटी कामं घेतो. कुणाचा एमसीबी सारखा पडतो, कुणाला गिझरचा पॉइंट हवा असतो. संध्याकाळी सहा वाजता पक्कड-टेस्टर पिशवीत टाकायचे आणि पोरांना ज्युदो शिकवायला जायचं, हे २००९ पासून चालू आहे. पहिलं वर्ष वस्तीतल्या बुद्धविहारात काढलं, पुढची सगळी वर्षं समाजमंदिराच्या हॉलमध्ये. साडेआठला हॉल झाडून कुलूप. सुरुवातीला सात मुलं होती, त्यातली तीन माझ्या चुलत्याची, म्हणजे धरून आणलेली. या फेब्रुवारीत पटावर ४१ होती, त्यात १७ मुली. फी नाही. ज्याला जमेल त्यानं महिन्याला ५० रुपये डब्यात टाकायचे. डब्याचा हिशेब मोठ्या मुली ठेवतात, माझ्याहून चोख.

फेब्रुवारीतल्या एका मंगळवारी आम्ही पोचलो तर दाराला नवं कुलूप आणि त्याखाली चिकटवलेला कागद. विद्युत व संरचनात्मक सुरक्षिततेच्या कारणास्तव पुढील आदेशापर्यंत बंद. पोरं ड्रेसच्या पिशव्या मांडीवर घेऊन पायरीवर बसली. खरं सांगतो, मला राग आला नाही, उलट बरंच वाटलं. त्या हॉलचा मेन स्विच बदला म्हणून मी दोन वर्षं अर्ज करत होतो. अर्थिंग मेलेलं आहे, पावसाळ्यात लोखंडी कपाटाला हात लावला की झिणझिण्या येतात. दोन दिवसांचं काम, फार तर तीन. पोरांना म्हटलं, आठवडाभराची सुट्टी समजा.

जुलै उजाडला. मेन स्विच तोच आहे. खिडकीच्या फुटक्या काचेतून मी रोज बघतो.

थोडं वस्तीबद्दल, कारण तुमच्याकडच्या नकाशात ती नुसती 'घोषित झोपडपट्टी' आहे. १२ जुलै १९६१ ला पानशेतचं धरण फुटलं. नदीकाठची माणसं जिथे जागा मिळाली तिथे सरकली, त्यातली काही कुटुंबं आमच्याकडे आली. मग १९७२ च्या दुष्काळात मराठवाड्यातून, सोलापूरकडून. माझे आजोबा बीड जिल्ह्यातले, ऊसतोडीला जाणारे. ऊसतोडीत नवरा-बायकोच्या जोडीला 'एक कोयता' म्हणतात. मुकादम उचल देतो ती कोयत्यावर, टोळी मोजतो ती कोयत्यांवर. आजी सांगायची, "आमचा कोयता मोडला तवा पुन्याला आलो." म्हणजे आजोबांचा पाय बैलगाडीखाली आला आणि जोडी कामाची उरली नाही.

आज 'कोयता' हा शब्द पुण्यात कुठल्या टोळ्यांसाठी वापरतात ते तुम्ही रोजच्या पेपरात वाचता. रात्री रिक्षांच्या, दुचाक्यांच्या काचा फुटतात, दोन दिवसांनी पोलीस त्याच पोरांना त्याच गल्लीतून फिरवतात. पकडलेल्यांत सोळा-सतरा वर्षांचा कुणीतरी निघतोच. कागदावर त्याला विधिसंघर्षग्रस्त बालक म्हणतात. गल्लीत त्याला त्या दिवसापासून भाई म्हणतात. भाई व्हायला फार लागत नाही साहेब. केक कापायला कोयता आणि व्हिडिओ काढायला चार मित्र. आमच्या चौकातल्या वाढदिवसाच्या फ्लेक्सवर जे चेहरे झळकतात त्यातल्या दोघांना मी शिकवलेलं आहे. एक वर्षभर टिकला, दुसरा तीन आठवडे. सगळी पोरं माझ्याकडे येऊन सुधारतात असा दावा मी कधी केला नाही, आजही करत नाही.

पण कुठली वेळ धोक्याची, हे मला सोळा वर्षांत कळलेलं आहे. लोक समजतात पोरगं रात्री बाराला बिघडतं. बाराला ते फक्त सापडतं. बिघडतं ते संध्याकाळी सातला. शाळा सुटलेली असते. आई तिसऱ्या घरची भांडी घासत असते, बाप रिक्षा घेऊन स्टेशनवर. खोली दहा बाय बाराची, त्यात आजी झोपलेली आणि धाकट्यांचा दंगा. पोरगं बाहेर येऊन टपरीच्या बाकड्यावर बसतं. तिथे त्याच्याहून चार-पाच वर्षांनी मोठा कुणीतरी त्याला वडापाव खाऊ घालतो. दोन दिवस, चार दिवस. मग एक दिवस म्हणतो, "जरा एवढं त्याला नेऊन दे." सगळं इतकं साधं आहे. मारामारी, गांजा, हत्यारं हे सगळं पुढचं.

त्या वेळी त्याला बाकड्यावरून उठवून हॉलमध्ये आणायचं, हे माझं काम. ज्युदो हे निमित्त आहे असंही कुणी म्हणेल. मी मुलांसमोर तसं म्हणत नाही, कारण त्यांना ज्युदो खरंच चांगला येतो.

मार्चमध्ये तुमच्या कार्यालयात आलो तेव्हा मला सांगितलं गेलं, "तोवर मैदानावर घ्या की क्लास. कराटेवाले घेतातच." सांगणारा माणूस चांगल्या मनाचा होता, चहाही पाजला. पण ज्युदो मैदानावर होत नाही, आणि हे एकदा नीट समजावून सांगितल्याशिवाय पुढचं पत्र वाचण्यात अर्थ नाही.

ज्युदोत समोरच्याला उचलून पाठीवर टाकायचं असतं. म्हणजे दोघांतला एक जण सारखा पडतच असतो. नव्या मुलाला मी पहिले दोन महिने कुणाला पाडू देत नाही, नुसतं पडायला शिकवतो. हनुवटी छातीला, पाठ गोल, आणि अंग टेकता टेकता तळहातानं मॅटवर सपाट थाप. याला उकेमी म्हणतात. आमची पोरं 'उकमी' म्हणतात, आल्या आल्या विचारतात, "सर, आज किती उकम्या?" रोज पन्नास. ही थाप चार सेंटिमीटर जाडीच्या मॅटवर मारायची असते. मुरमाच्या मैदानावर मारली तर मनगट जातं, आणि नाही मारली तर डोकं आपटतं.

दुसरी एक थाप असते, ती हार मानायची. हात पिळला गेला, सोसवेना झालं, की दोनदा थापटायचं. समोरच्यानं त्या क्षणी सोडायचं. नाही सोडलं तर महिनाभर मॅटवर पाय ठेवायचा नाही, मग तो कितीही चांगला खेळाडू असो. चौदा वर्षांच्या पोराच्या अंगात नवी ताकद आलेली असते, ती कुणावर तरी वापरून बघायची असते. दुसऱ्याची थाप ऐकू आल्या आल्या त्याचा हात ढिला पडलेला मी ज्या दिवशी बघतो, त्या दिवशी माझ्यापुरता तो पांढऱ्या पट्ट्यातून पिवळ्यात गेलेला असतो. परीक्षा नंतर होते, कागदापुरती.

जिगोरो कानो यांनी १८८२ मध्ये टोकियोत ज्युदो सुरू केला तो एका बौद्ध मंदिरात, १२ चटयांएवढ्या जागेत. माणूस पेशानं शिक्षक. बुद्धविहारात सतरंजीवर गाद्या अंथरून आम्ही सुरुवात केली तेव्हा मला यातलं काही माहीत नव्हतं. जागा कमी होती म्हणून ते अडले नाहीत. पण छप्पर आणि चटई त्यांनाही लागलीच.

आमच्या मॅट ३२ आहेत, एक मीटर बाय दोन मीटरच्या. जोडून मांडल्या की ८ बाय ८ चा आखाडा होतो, स्पर्धेला चालतो तेवढा. एका कॉलेजनं नव्या मॅट घेतल्या तेव्हा त्यांच्या जुन्या आम्ही विकत घेतल्या. मंडळानं त्या वर्षी गणपतीत डीजे लावला नाही, ते पैसे आम्हाला दिले. टेम्पोवाल्यानं भाडं घेतलं नाही. २५ सप्टेंबर २०१९ च्या रात्री आंबिल ओढ्याला पूर आला तेव्हा ओढ्याकाठची माणसं आमच्या हॉलमध्ये याच मॅटवर झोपली. नंतर पंधरा दिवस गच्चीवर वाळवल्या, तरी पुराचा वास पुरता गेला नाही. आता त्या मॅट आत आहेत आणि आम्ही बाहेर.

मार्चपासून मैदानावर जमेल ते करतोय: पळणं, दंड-बैठका, पकडीचा सराव. एप्रिलमध्ये मी कामावरून पाऊण तास उशिरा पोचलो. दोन पोरांनी सिमेंटच्या रिकाम्या गोण्या अंथरून आपलं आपण टाकून बघितलं. अकरा वर्षांच्या मुलाचं गळ्याजवळचं हाड मोडलं. ती चूक माझी. मी कुणाला तरी लक्ष ठेवायला सांगायला हवं होतं. त्याच्या वडिलांनी मला एक शब्द ऐकवला नाही, ते जास्त लागलं. त्या दिवसापासून मैदानावर टाकाटाकी पूर्ण बंद, आणि टाकाटाकी नसलेला ज्युदो शिकायला पोरांनी किती दिवस यावं? आता बारा येतात.

मुली दोन. १७ वरून २. हे मला सगळ्यात जास्त खुपतं. मुलींच्या आया मुलीला हॉलमध्ये पाठवत होत्या, ज्युदोला नव्हे. हॉलला दार होतं, आतून कडी होती, संडास होता. मैदानाच्या कठड्यावर संध्याकाळी कोण बसतं ते तुम्हाला माहीत नसलं तर एकदा सातच्या सुमारास या. पँट-जॅकेट घालून पोरगी तिथे लोळणार आणि कठड्यावरून शिट्ट्या येणार, हे कुठली आई चालवून घेईल? हॉलच्या भिंतीवर मुलींनी तुलिका मानचा फोटो चिकटवलाय. दिल्लीची पोरगी, एकट्या आईनं वाढवलेली. आई पोलीस दलात. २०२२ मध्ये बर्मिंगहॅमच्या राष्ट्रकुल स्पर्धेत ज्युदोत रौप्यपदक मिळवलं तिनं. आमची एक मुलगी तेव्हा सहावीत होती, तिनं तो फोटो पेपरातून कापून आणला. ती आता सात वाजता घरी पोळ्या लाटते. पोळ्या लाटण्यात कमीपणा नाही, पण तिचा भाऊ त्या वेळी क्रिकेट खेळत असतो.

आता तक्रारी. एकेक सांगतो.

पहिली अहवालाची. 'संरचनात्मक सुरक्षितता' हे शब्द कुणा इंजिनिअरच्या अहवालातून आले असतील असं धरून मी माहिती अधिकारात अर्ज केला. स्ट्रक्चरल ऑडिटची प्रत द्या, एवढंच मागितलं. कायद्यात ३० दिवस आहेत. उत्तर उशिरा आलं, त्याबद्दल काही म्हणत नाही. उत्तरात होतं: ऑडिट करण्याची कार्यवाही प्रस्तावित आहे. म्हणजे ऑडिट व्हायच्या आधीच ऑडिटच्या कारणानं कुलूप लागलं. इमारत खरंच धोकादायक असेल तर मी पहिला मागे सरेन, माझीच पोरं त्या छताखाली असतात. पण मग तसं कुणीतरी तपासून लिहून द्यायला हवं ना?

दुसरी तक्रार पहिलीला जोडूनच. धोकादायक म्हणून बंद असलेला हा हॉल या पाच महिन्यांत तीन वेळा उघडला. एकदा आरोग्य शिबिराला, एकदा सत्काराला, एकदा मंडपाचं सामान ठेवायला. सत्काराला दोनशे माणूस होतं, आणि ध्वनिवर्धक त्याच मेन स्विचवर चालला. मी पायरीवर उभा राहून सगळा वेळ त्या स्विचकडे बघत होतो. त्या दिवशी छत दोनशे जणांना पेललं, दुसऱ्या दिवशी ४१ पोरांना पेलेना.

तिसरी मॅटची. मॅट वस्तीच्या पैशाच्या आहेत, पावती आहे. त्या बाहेर काढू द्या म्हणून तीन अर्ज दिले, तिन्हींवर आवक शिक्का आहे. उत्तर नाही. मंडपाचे बांबू त्यांच्यावर रचले होते.

चौथी सगळ्यात मोठी. मे महिन्यात निविदा निघाली. समाजमंदिराचा हॉल आणि वरची व्यायामशाळा मिळून खासगी संस्थेला भाडेकरारानं द्यायची, 'फिटनेस सेंटर' चालवायला. सुरक्षिततेचा प्रश्न कुठे गेला, कळलं नाही. निविदेत त्याचा उल्लेख नाही. अटी वाचल्या. अनामत रक्कम आमच्या डब्यात दहा वर्षांत जमली नसेल एवढी. तीन वर्षांच्या उलाढालीचं प्रमाणपत्र. आमच्या मंडळानं भरायचं म्हटलं तरी भरता येणार नाही, आणि तसं कुणाच्या लक्षात आलं नसेल असं मला वाटत नाही. तुमच्या कार्यालयातून समजावून सांगण्यात आलं की मिळकतीतून उत्पन्न आलं पाहिजे, तसं धोरण आहे. असेलही. मी घटना वाचली. १९९२ च्या ७४ व्या दुरुस्तीनं बारावी अनुसूची आली, त्यात महापालिकांनी करायची १८ कामं दिली आहेत. झोपडपट्टी सुधारणा आहे. उद्यानं आणि क्रीडांगणं आहेत. उत्पन्न मिळवणं हे काम त्या यादीत मला सापडलं नाही. ते बाकीची कामं करता यावीत म्हणून असतं, असा मी वायरमनच्या बुद्धीनं अर्थ लावला.

आणि फिटनेस सेंटरला माझा विरोध नाही. सकाळी पाच ते दहा खुशाल चालवा. सोसायट्यांतले लोक येतील, गाड्या लावायला जागा नाही तो प्रश्न वेगळा.

एकानं बालेवाडी सुचवली. बालेवाडीचं संकुल उत्तम आहे, १९९४ च्या राष्ट्रीय स्पर्धांसाठी उभं राहिलं, आमची मुलं तिथे जाऊन आली आहेत. इथून दोन बस आणि संध्याकाळच्या गर्दीत दीड तास. नऊ वर्षांचं पोर रोज जाईल?

पूर्वी असं काही झालं की नगरसेवकाकडे जायचो, आरडाओरडा करायचो, काहीतरी मार्ग निघायचा. मार्च २०२२ मध्ये त्यांची मुदत संपली आणि ती खुर्ची वर्षानुवर्षं रिकामी राहिली. तेव्हापासून आम्हाला सरळ तुमच्या आवक-जावकच्या खिडकीशी यायची सवय लागली. खिडकी शिक्का चांगला मारते.

आता ज्याच्यामुळे हे पत्र लिहायला बसलो ते. माझ्याकडे एक मुलगा होता, सोळा वर्षांचा. आठव्या वर्षी आला. शालेय स्पर्धेत विभागापर्यंत पोचला होता. शासकीय नोकरीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे हे त्याला तोंडपाठ, डोक्यात फक्त पोलीस भरती. पहाटे उठून १६०० मीटर धावायचा आणि मला वेळ सांगायला यायचा, मी अंथरुणात असताना. मे महिन्यात एका रात्री शेजारच्या गल्लीत गाड्या फुटल्या. पकडलेल्या चौघांत तो होता. हातात काही नव्हतं असं तो म्हणतो; सीसीटीव्हीत तो बाकीच्यांबरोबर पळताना दिसतो. येरवड्याला बाल न्याय मंडळापुढे त्याची आई आणि मी गेलो. आईचा त्या दिवसाचा खाडा झाला, दोन घरची कामं सुटली.

२०१५ च्या बाल न्याय कायद्याचं कलम २४ मी आता वाचलंय. अशा प्रकरणामुळे मुलाला पुढे अपात्र ठरवू नये असं त्यात आहे. मी त्याला ते दोनदा वाचून दाखवलं. त्यानं ऐकून घेतलं आणि म्हणाला, "सर, चारित्र्य पडताळणीला पोलीस गल्लीतच येणार ना विचारायला?" यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. आपली भरती संपली असं ज्याला वाटतं, त्याला जवळ घ्यायला बाकड्यावर माणसं बसलेलीच असतात.

हॉल बंद होता म्हणून त्यानं हे केलं, असं मी म्हणणार नाही. त्यालाही तसं म्हणू दिलं नाही. चूक त्याची. रिक्षावाल्याची काच भरून द्यायला तो सध्या पहाटे दूध टाकतो. पण क्लास चालू असता तर त्या संध्याकाळी सात वाजता तो कुठे असता, हे मी तुम्हाला सांगू शकतो. दुसऱ्या रांगेत, उजवीकडून तिसरा.

पुण्याला हे सगळं नवीन नाही हो. चिंचेची तालीम, खालकर तालीम, निंबाळकर तालीम. पेठांत पत्ता सांगायलाही तालीमच लागते. लहुजी वस्ताद साळव्यांची तालीम गंजपेठेत होती. जोतीराव फुले तिथे दांडपट्टा शिकले, आणि पुढे फुल्यांच्या शाळांवर लोक धावून आले तेव्हा लहुजी आणि त्यांच्या तालमीतली माणसं पाठीशी उभी राहिली. १४ नोव्हेंबरला जयंती असते. संगमवाडीला समाधीवर हार घालायला सगळे पक्ष आणि सगळे अधिकारी जातात. जावंच. मी पण जातो. यंदा तिथे उभा असताना माझ्या मनात येणार की बरं झालं, तालमीसाठी अनामत भरा आणि तीन वर्षांची उलाढाल दाखवा, असं म्हणणारं कार्यालय वस्तादांच्या वेळी नव्हतं. नाहीतर जोतीरावांना मैदानावर जावं लागलं असतं.

मागण्या अशा:

१. हॉलचं स्ट्रक्चरल ऑडिट महिनाभरात करा आणि अहवाल दारावर लावा. मराठीत. इमारत धोकादायक निघाली तर मी स्वतः पोरांना आत जाऊ देणार नाही; मग पर्यायी बंदिस्त जागा द्या, महापालिका शाळेचा एक वर्ग संध्याकाळी चालेल.

२. विजेचं काम लगेच करा. ठेकेदार मिळत नसेल तर तुमच्या इंजिनिअरच्या देखरेखीखाली मी करतो, मजुरी नको. सामान तेवढं महापालिकेनं द्यावं. मेन स्विच, ईएलसीबी (करंट गळला की वीज तोडणारा स्विच) आणि अर्थिंगचा खड्डा. यादी पत्रासोबत पुन्हा जोडली आहे, ही चौथी.

३. मॅट पंचनामा करून आमच्या ताब्यात द्या, ऑडिटची वाट न बघता.

४. निविदा रद्द करता येत असेल तर करा. नसेल करता येत, तर करारात एक अट घाला: सोमवार ते शनिवार संध्याकाळी सहा ते साडेआठ हा हॉल वस्तीतल्या अठरा वर्षांखालच्या मुलामुलींसाठी, विनाशुल्क. आम्हालाच द्या असं नाही. उद्या कुणी तिथे कबड्डी घेतली, अभ्यासिका चालवली, तबला शिकवला तरी माझी हरकत नाही, मी सतरंज्या उचलायला येईन. ती वेळ विकू नका एवढंच.

५. मैदानाच्या पश्चिमेकडचा दिवा दीड वर्ष बंद आहे. खांबाचा नंबर अर्जात दिला आहे.

६. या पत्राला लेखी उत्तर. 'नाही' असलं तरी चालेल, कारणासह.

मानधन मागत नाही, सत्कार नको. मागच्या वर्षी एका कार्यक्रमात मला शाल-श्रीफळ आणि 'समाजभूषण' लिहिलेली ट्रॉफी मिळाली. ती ट्रॉफीही हॉलमधल्या कपाटातच अडकली आहे. ती सावकाश मिळाली तरी चालेल.

पोरांना मी उपोषणाला बसवणार नाही. काही जणांनी सुचवलं, चॅनेलवाले येतील म्हणाले. शाळकरी मुलांना फलक देऊन उन्हात बसवणं मला पटत नाही. निवेदनावर ३८ पालकांच्या सह्या आहेत, त्यातले ११ अंगठे. उरलेले तीन पालक वस्ती सोडून गेले.

मी रोज संध्याकाळी सहा वाजता हॉलच्या पायरीवर असतो. तुम्ही या असं म्हणत नाही, तुमच्यामागे व्याप असतील. किल्ली कुणाबरोबरही पाठवा.

आपला,
ज्युदो वर्गाचा शिक्षक

ता. क. किल्ली पाठवायला उशीर होणार असेल तर तेवढ्यात एक करा. शिपायाला सांगून मॅट पूर्वेच्या भिंतीपासून हातभर पुढे ओढून ठेवा. त्या भिंतीला ओल येते, आणि परवापासून पाऊस चांगला लागलाय.